दुपारी बारा ते पाच

दोन नद्या मिळतात तिथल्या गाळाच्या पट्ट्यावर सार्वजनिक बाग होणार, हे कचरू ओव्हाळांनी पेपरात वाचलं होतं. बागेचा आराखडा करणाऱ्या कंपनीत आपली मुलगी इंजिनियर आहे, याचा त्यांना अभिमान होता. पण बागेची उंची आपण लिहिलेल्या एका आकड्यावर ठरली आहे, हे मात्र त्यांना फेब्रुवारीतल्या एका रविवारी, प्रत्यक्ष नदीकाठी उभं राहिल्यावर कळलं.

मैत्रीने स्कूटर पुलापाशी लावली आणि वडिलांना काठाने पुढे नेलं. जमिनीत लाल टोकाच्या खुंट्या ठोकलेल्या होत्या.

“हा मुलांचा कोपरा. पाच वर्षांखालच्या. घसरगुंडी, वाळूचा हौद वगैरे. आणि पप्पा, ही खुंटी कुणाची, सांगा?”

“कुणाची?”

“तुमची! सहा मीटर साठ. मोठ्या पुराची सगळ्यांत वरची पातळी. तुमच्या खात्यातून जुनी रजिस्टरं मागवली, उघडून बघते तर तुमचं अक्षर. मी अख्ख्या ऑफिसला दाखवलं. तुमच्या आकड्याच्या वर अर्धा मीटर सोडून फरशी धरलीय आम्ही.”

ओव्हाळ पुलाच्या दुसऱ्या खांबाकडे बघत राहिले. त्यावर रंगवलेली मीटरची पट्टी आता फिकट झाली होती, पण वाचता येत होती. एकतीस वर्षं त्यांनी ती वाचली होती. पावसाळ्यात तासातासाला पाणी कुठपर्यंत आलं ते बघायचं आणि रजिस्टरात लिहायचं, एवढंच त्यांचं काम. सात मीटरच्या वर गेलं की लगेच फोन करायचा. साहेब बदलले, जीप बदलली, पट्टी तीच राहिली.

मोठ्या पुराच्या वेळी त्यांची पाळी पहाटे संपायची होती. बदली माणूस आलाच नाही. रात्रभर उभे, सकाळभर उभे. दुपारी बाराला सहा मीटर वीस लिहिलं आणि चौकीतल्या खाटेवर जरा टेकले. डोळा लागला तो पाचला उघडला. तेव्हा पाणी सहा मीटर दहावर होतं, आणि उतरत होतं. मधले तास कोरे होते. कोरा रकाना खात्यात चालत नसे. एखादा तास चुकला तर अलीकडचा आणि पलीकडचा आकडा बघून मधला टाकायचा, ही तिथली रीतच होती. तिला कुणी खोटं म्हणत नसे. त्यांनी चार तास त्याच रीतीने भरले. पाणी थोडं चढवलं, सहा साठपर्यंत नेलं आणि उतरवलं.

अडचण एवढीच होती की खांबावर ओल दिसत होती. ती सात मीटर साठपर्यंत गेली होती. ती लिहिली असती तर फोन का केला नाही, हेही लिहावं लागलं असतं. त्या दुपारी कुणाचा जीव गेला नाही. काठावरची माणसं आधीच वर गेली होती. पुढे खात्याने त्यांना सलग छत्तीस तास पहारा दिल्याबद्दल प्रशस्तिपत्र दिलं. त्यांनी ते घेतलं.

सात साठ वजा फरशीचे सात दहा. फरशीवर अर्धा मीटर पाणी. हिशोब त्यांनी उभ्या उभ्या केला. गप्प राहिलं असतं तरी चालण्यासारखं होतं. तसा पूर पुन्हा येईलच असं नव्हतं, आणि खांबावरची ओल तर दुसऱ्याच दिवशी वाळली होती.

“पाच वर्षांखालची म्हणालीस ना?” त्यांनी विचारलं.

“हो. का?”

“तो आकडा चुकीचाय, मैत्री. मी झोपलो होतो.”

मैत्री हसली. मग तिने त्यांच्याकडे पाहिलं आणि हसायची थांबली. ओव्हाळांनी सगळं सांगितलं, बारा वाजल्यापासून पाच वाजेपर्यंतचं. शेवटी तिने फक्त विचारलं, “ओल कुठपर्यंत होती?” त्यांनी खांबावर बोट दाखवलं. तिने फोटो काढला.

सोमवारी दोघं तिच्या ऑफिसात गेले. तिच्या वरिष्ठ दीपाली मॅडमनी ओव्हाळांनी हे सगळं लिहून आणलेला अर्ज दोनदा वाचला.

“काका, या शहरात दुपारी झोपल्याबद्दल अजून कुणाला शिक्षा झालेली नाही,” त्या म्हणाल्या. “आणि तुम्हाला रिटायर होऊन नऊ वर्षं झाली. तुमचं कुणी काही वाकडं करणार नाही. पण हा कागद मी फायलीला लावला की तुमची एकतीस वर्षांची सगळीच रजिस्टरं संशयात येतात. कळतंय ना? वरच्या दोन पुलांचं कामही तुमच्याच आकड्यांवर चाललंय.”

“बाकीचे बरोबर आहेत, मॅडम.”

“ते तुम्ही म्हणताय.” त्यांनी हे अगदी सौम्यपणे म्हटलं. “हवं तर कागद परत घ्या. उंची मी दुसरं काही कारण दाखवून वाढवते. जमलं तर.”

“आणि नाही जमलं तर?”

“तर नाही.”

ओव्हाळांनी मुलीकडे पाहिलं. ती टेबलाच्या काचेखालच्या नकाशाकडे बघत होती. त्यांनी अर्ज पुन्हा मॅडमपुढे सरकवला. “लावा फायलीला,” ते म्हणाले. “आवक नंबर तेवढा द्या.”

मॅडमनी शिक्का मारला. मुलांचा कोपरा पूर अडवणाऱ्या भिंतीच्या आत, रस्त्याच्या बाजूला न्यायचा आणि खालची जागा गवतासाठी मोकळी सोडायची, असं तिथल्या तिथे ठरलं. जुन्या नोंदींची फेरतपासणी होईपर्यंत पुलांचं काम थांबवा, असा मेल मैत्रीनेच टाइप केला. खाली तिचंच नाव होतं.

परतताना स्वारगेटच्या सिग्नलला स्कूटर थांबली तेव्हा मान न वळवता तिने विचारलं, “अजून किती आहेत असे?”

“हा एकच.”

“नक्की?”

एकतीस वर्षांत त्यांच्या आकड्याबद्दल कुणी असं विचारलं नव्हतं. हो म्हणायला त्यांनी तोंड उघडलं. मग त्यांना एक गणपतीचा आठवडा आठवला, थंडी भरून ताप आला होता तो. आणि त्याच्या दोन-तीन वर्षं आधीची एक पहाट.

सिग्नल सुटला. मागच्या रिक्षाने हॉर्न वाजवला.

“थांब,” ओव्हाळ म्हणाले, “घरी गेल्यावर नीट आठवून, लिहून देतो.”