झरोक्यातला हात

मित्रांनो, मी ओलशी लोकांच्या दलदलीतली एक जुनी वास्तू आहे. जिवंत आहे, अजून तरी. मला फार वेळ नाही, आणि गंमत बघा, वेळ सांभाळणे हेच तर माझे काम!

मला दाम्रो आणि ओर्वी या नवराबायकोने बांधले. बांधले म्हणजे चावले. लव्हाळ्याची मुळे चावून चावून त्यांनी लगदा केला आणि दोघांच्या मिळून आठ हातांनी थापून माझ्या भिंती उभ्या केल्या. त्या दिवसांत दोघांचे जबडे इतके दुखत, की धड भांडताही येईना. त्यांची थुंकी माझ्या अंगात आहे, म्हणून मी त्यांची पाठ ओळखते.

हो, पाठच. ओलशींच्या घरी संध्याकाळी सगळ्यांनी भिंतीला पाठ टेकून बसायचे असते. शेजारीपाजारीही येतात. त्या उबेवर आम्ही वास्तू जगतो. ऊब मिळाली की मी मागच्या खोलीतला वेळ अडवते आणि पुढच्या खोलीत सोडते. मागे ठेवलेले दूध वर्षभर नासत नाही. पुढे सकाळी लावलेला वेल संध्याकाळी फळतो. पाहुणे आले की दाम्रो छाती फुगवून म्हणायचा, "बसा हो, आत्ताच भोपळा लावलाय. जेवायच्या वेळेला होतोच!" तेव्हा माझे काय कौतुक व्हायचे!

पण वास्तू गार पडली तर मागे अडवलेला सगळा वेळ एकदम कोसळतो. दूध असेल तर त्याची क्षणात माती होते. हे ओलशींचे लहान मूलही जाणते.

निमशी ही त्यांची एकुलती मुलगी. चिखलाने माखलेल्या शेपटीने माझ्या भिंतींवर फराटे ओढायची आणि वर मलाच गप्प बस म्हणायची. एका हिवाळ्यात तिला करपताप आला. त्यावर औषध एकच, रक्तकंद. तो पिकायला पिढ्या जातात. माझ्या पुढच्या खोलीतही कित्येक वर्षे लागणार होती. निमशी तर सकाळ बघेल की नाही, याची खात्री नव्हती. मग ओर्वीने पुढे कंद लावला आणि मुलीला मागच्या खोलीत निजवले.

"आई, अंधार आहे गं इथे."

"डोळे मीट, बाळा. उघडशील तेव्हा मी औषध घेऊन समोर असेन," ओर्वी म्हणाली आणि तिने दार लावले.

दाराशेजारी एक झरोका होता, हात जाईल एवढाच. ओर्वी तिथेच भिंतीला पाठ लावून बसली आणि एक हात आत घालून तिने निमशीचा हात धरला. जेवायला तीन हात पुरेत, म्हणाली.

सुरुवातीला सारा गाव पाठ टेकायला यायचा. मग टेकडीवर दगडाची घरे झाली. एकेक करून लोक तिकडे गेले. दाम्रो पुरात वाहून गेला. तो गेला त्या संध्याकाळी ओर्वी माझ्या भिंतीवर डोके आपटून रडली, पण झरोक्यातला हात तिने काढला नाही.

शेजारचा युक्को एकदा निरोप घ्यायला आला. "अगं ओर्वी, चल की टेकडीवर. दगडाला ना पाठ लागते, ना लाड. मुलगी काय लोणचं आहे का, अशी मुरत घालायला?"

"मुरू दे. तुझी अक्कल नासली, तशी तरी नासणार नाही!"

युक्को खो खो हसला. "तोंड अजून तिखट आहे हं तुझं. बरं बाई, उद्या येतो पाठ टेकायला."

तो आला नाही. सगळे असेच म्हणून गेले, उद्या येतो. मला त्यांचा राग येतो, खोटे कशाला बोलू?

ओर्वीचे केस पिकले, तीन हात वाळून काटक्या झाले. झरोक्यातला चौथा मात्र तरुणच राहिला. आतून कधीपासून 'आ' असा आवाज येतो आहे. वाटसरूंना वाटते वारा घुमतोय. निमशी आईला हाक मारते आहे. तिची हाक बाहेर पोचायलाच वर्षे लागतात.

मित्रांनो, आज सकाळी कंदाची पाने लाल झाली. पिकला एकदाचा! ओर्वीला कळावे म्हणून मी सगळ्या भिंती थरथरवल्या. तिने डोळे उघडले नाहीत. तिची पाठ मला गार लागली.

झरोक्यातला हात मात्र अजून उबदार आहे. आत गेल्यापासून त्याच्यासाठी फारसा वेळ झालेलाच नाही. निमशीने तो घट्ट धरला आहे, आणि त्या एका हाताच्या उबेवर मी एवढी सगळी वर्षे अडवून धरली आहेत. मला ती आता पेलवत नाहीत.

कोणीतरी या. पाठ टेका, कंद खणा, दार उघडा. उद्या येतो म्हणू नका. आतला 'आ' संपून आता 'ई' ऐकू येऊ लागली आहे. निमशी डोळे उघडेल, तेव्हा समोर कोणीतरी औषध घेऊन उभे असायला हवे.