बारा पावलांचा पट्टा

चारकोपात वसाहतीचे सेक्टर पडायच्या आधी, म्हणजे पंच्याऐंशीच्या आगेमागे, तिथं दोन जमाती एकमेकींच्या उरावर बसलेल्या होत्या. माणसांना त्या कधी दिसल्या नाहीत. गुडघ्याएवढी उंची आणि अंगाला मातीचा रंग, कोण बघतंय? खाडीकडच्या तिवरांत राहणारे ते खाजणे आणि वरच्या खडकाळ अंगाला राहणारे ते कातळे. मधे बारा पावलं रुंदीचा एक पट्टा. त्यात ना धड मासा मिळायचा, ना धड गवत उगवायचं. पण त्याच्यापायी सात पिढ्या मेल्या.

मेल्या हे मी उगाच म्हणत नाही, कायदाच तसा होता. ज्यांचा मेलेला पट्ट्यात सगळ्यात शेवटी पुरला गेला, त्यांचा पट्टा. पुरायचा तो उभा, आणि उजवा हात तेवढा मातीबाहेर ठेवायचा, हद्दीची खूण म्हणून. असा कायदा असल्यावर शत्रूला मारायचा मूर्खपणा कोण करणार? म्हणून लढाईत एकमेकांचे गुडघे फोडायचे, हात पिरगाळायचे आणि जिवंत माणूस उचलून त्याच्याच हद्दीत परत फेकायचा. तो जिवंत परत गेला की त्याची बाजू हरली. आणि मरायला पाठवलेल्याला शत्रू मारत नसेल, तर ते काम त्याच्या आईनं करायचं. भाला तिच्याच हातात द्यायचे.

मरायला कोणी जायचं, हे खेकडा ठरवायचा. तरण्या पोरांना गोल उभं करायचं, मधे खेकडा सोडायचा, ज्याच्या पायावर तो चढला तो गेला. त्या वर्षी खाजण्यांचा खेकडा मालनच्या शकूच्या पायावर चढला.

"आये, गुदगुल्या होतात गं," शकू हसत म्हणाली. मग बाकीचे मागे सरकले आणि तिचं हसू थांबलं.

मालनला वाटलं, तो खेकडा उचलावा आणि दगडावर चिरडावा. एकच लेक होती तिला. नवरा, अनंत, दोन लढायांपूर्वीच पट्ट्यात उभा पुरलेला होता. पण तिनं हात आवरला, कारण समोर विमला उभी होती. मागच्या लढाईत कातळ्यांनी विमलाच्या नंदूला उचललं, तेव्हा विमलाचा भाला हातातच राहिला. नंदू लंगडत का होईना, घरी आला. पट्टा गेला, आणि खाजण्यांनी विमलाचे दोन्ही अंगठे छाटले. सुरी मालननं चालवली होती. "लाज नाही वाटली?" असं विचारत, चांगली सावकाश चालवली होती. आता ती कुठल्या तोंडानं मागे हटणार?

भर दुपारी, ओहोटी लागली तशी लढाई सुरू झाली. कातळे आले ते थोडेच, आणि पाठीला बोचकी बांधून. खाजण्यांना ती नवी चाल वाटली आणि ते आणखी चवताळले. खाजण्यांचा म्होरक्या धोंडिराम एका म्हाताऱ्याच्या दोन्ही गुडघ्यांवर दगड घालून वर हसला. शकू सांगितल्याप्रमाणे डोळे मिटून पट्ट्यात धावत सुटली आणि सरळ कातळ्यांच्या म्होरक्याच्या, कुंडलिकच्या, हातांत सापडली.

कुंडलिकनं तिला उचललं आणि तो पट्ट्याच्या मधोमध येऊन थांबला.

"थांबा रे!" तो ओरडला. "काय लढताय? सकाळी आमच्या वस्तीवरून डोझर गेला. उद्या तुमच्यावर येणार. आम्ही चाललो डोंगरात. पट्टा ठेवा तुम्हाला. मालन, घे गं तुझी पोरगी. माझी तीन मी आज पुरली, आणखी एक नको."

त्याचे डोळे लाल होते. मालनला क्षणभर ते सगळं खरं वाटलं, आणि आनंदानं ती एक पाऊल पुढे सरकली.

"भूलथाप आहे," मागून धोंडिराम म्हणाला. "पोरगी आपल्या हद्दीत आली की पट्टा गेला. फेक भाला. नाहीतर तुझे अंगठे आहेतच."

"घे गं तिला, मालन," विमला म्हणाली. "माझं ऐक, घे."

दुसरं कोणी म्हणालं असतं तर कदाचित मालननं ऐकलंही असतं. पण विमलानं सांगावं? विमलाच्या पंगतीत जाऊन बसायचं? ते तिला मरणाहून वाईट वाटलं. मरण मात्र तिचं नव्हतं.

"आये, आले ना मी," शकू हात पसरून म्हणाली.

मालननं भाला फेकला. तो पोरीच्या गळ्यात घुसला. कुंडलिकनं तिला हळूच चिखलात निजवलं, "घ्या तुमचा पट्टा," म्हणाला आणि आपली माणसं घेऊन खरंच डोंगराकडे निघून गेला. एकानंही मागे वळून पाहिलं नाही.

खाजणे नाचले. शकूला उभी पुरली, उजवा हात बाहेर ठेवला. मालनच्या गळ्यात शिंपल्यांची माळ पडली.

दुसऱ्या दिवशी सकाळी साखळी घेऊन मोजणीवाले आले. पट्ट्यात खुंटी ठोकताना मजुराला काहीतरी आडवं आलं. "तिवराचं मूळ दिसतंय," म्हणून त्यानं कोयत्याच्या एका घावात ते उडवलं आणि तिथंच खुंटी ठोकली. तिच्यावर पांढऱ्या रंगात आकडा होता. त्यामागून डंपर आले आणि भरणी टाकायला लागले.

"उचला रे सामान, खाडीपल्याड गोराईला चला," धोंडिराम म्हणाला.

"आणि पट्टा?" मालननं विचारलं.

"पट्टा काय चाटायचाय आता?"

"माझी शकू आहे तिथं."

"मग बस तिच्यापाशी," असं म्हणून तो पुढे गेलासुद्धा.

सगळे तिच्यासमोरून गेले. शेवटी विमला आली. तिला गाठोडं धरता येत नव्हतं, म्हणून तिचंही गाठोडं नंदूच्याच खांद्यावर होतं. विमला मालनपाशी थांबली. आता ही काहीतरी बोलेल, थुंकेल तरी, म्हणून मालन वाट बघत राहिली.

"आये, चल ना, पाणी चढतंय," नंदू म्हणाला.

"आले रे," विमला म्हणाली आणि त्याच्या मागोमाग पाण्यात उतरली.

मालननं आपले हात समोर धरून पाहिले. दोन्ही अंगठे जागच्या जागी होते.