तिसऱ्या फेऱ्यातली खूण

आईच्या तेराव्यानंतर अण्णांनी बोलणं सोडलं. ते रागावले नव्हते, की त्यांना भ्रम झाला नव्हता. ते फेऱ्यात बसले होते, आणि फेऱ्यात बसलेल्या माणसाला घरातल्या कुणीतरी ठरलेला प्रश्न विचारल्याशिवाय तोंड उघडता येत नाही, असा त्यांच्या पंथाचा नेम होता. अण्णांना तो प्रश्न नेहमी आई विचारायची.

ओंजळपंथ हे नाव गिरगावाबाहेर फारसं कुणाला ठाऊक नसेल. मुगभाटातल्या एका खोलीत पंधरावीस माणसं जमत, बहुतेक माझ्या वडिलांसारखे कारकून आणि त्यांच्या बायका. माणूस जे पाहतो, ऐकतो ते त्याचं नसतं. जगानं ते त्याच्या ओंजळीत ओतलेलं असतं आणि जगालाच परत द्यायचं असतं, एवढंच त्यांचं तत्त्वज्ञान. पहिल्या फेऱ्यात येईल तो आवाज आत घ्यायचा. दुसऱ्यात तो धरून ठेवायचा, चकार शब्द काढायचा नाही. तिसऱ्यात सोबत्याशेजारी डोळे मिटून बसायचं आणि एकेक सोडत जायचं. आपण रिते झालो असं वाटलं, की सोबत्याच्या मनगटावर अलगद हात ठेवायचा. ही खूण. सोबत्यानं तो हात उचलून परत मांडीवर ठेवायचा आणि स्वतः हलायचं नाही. सगळं संपल्यावर घरचं कुणी विचारणार, "काय आणलंस?" जे सुटलं नसेल ते बसलेल्यानं सांगायचं, आणि विचारणाऱ्यानं म्हणायचं, "ठेव इथे." मग ते ओझं कुणाचंच राहत नाही, असं मानतात.

आई गेली ती तिसऱ्या फेऱ्यात, घरीच अण्णांच्या शेजारी बसलेली असताना. छप्पन सालचा जानेवारी. बाहेर संयुक्त महाराष्ट्राचं आंदोलन, गोळीबार, संचारबंदी. मी दादरला सासरी अडकलेली. पोचले तेव्हा सगळं आटोपलं होतं. चाळ म्हणाली, असल्या दिवसांत डॉक्टर तरी कुठून मिळणार होता. पंथातली माणसं म्हणाली, रिती होऊन गेली, भाग्याची. मी दोन्ही मानून घेतलं होतं. काहीतरी मानल्याशिवाय दिवस सरत नव्हते.

"सबंध गिरगाव घसा फोडून ओरडतंय आणि तुझे वडील गप्प," शेजारच्या सरोजिनीकाकूंनी मला जिन्यातच गाठलं. "काल प्रभातफेरीवाल्यांनी दारात घोषणा दिल्या, तर हे नुसते हात जोडून उभे. पोरांना वाटलं, काँग्रेसचे आहेत!" त्या हसल्या आणि लगेच पदरानं डोळे पुसले. "चहा नेऊन ठेवते तो तसाच गार होतो गं. कचेरीतून माणूस येऊन गेला. असं किती दिवस चालणार?"

आत पंथातले वडीलधारे तात्या माझीच वाट पाहत होते.

"नलू, आता तूच विचारायचंस."

"तात्या, माझा यातल्या कशावर विश्वास नाही."

"विश्वास कोण मागतंय? प्रश्न विचार. शाळेत पोरांना दिवसभर विचारतेसच की."

"आणि ते जे सांगतील त्याचं काय करू?"

"ठेवा इथे म्हणायचं, बस. तिथं घासाघीस नाही."

ते गॅलरीत जाऊन उभे राहिले. अण्णा भिंतीशी बसले होते, दाढी वाढलेली, सदऱ्याच्या गळ्यातून हाडं दिसत होती. शेजारी आईचं आसन अंथरलेलंच होतं. मी समोर बसले. त्यांना बोलतं करायला मी याहून कितीतरी कठीण गोष्ट केली असती.

"काय आणलंत, अण्णा?"



"हात आणला," ते म्हणाले. "तिचा. खूण हलकी असते, नलू. इतकी वर्षं आम्ही शेजारी बसलो, मला ठाऊक नाही का? त्या दिवशी तिनं मनगट पकडलं. घट्ट. ही खूण नव्हे, हे मला कळलं होतं."

"मग?"

"मग मला वाटलं, हिचा मोह सुटत नाहीये. मी एकेक बोट सोडवलं आणि हात मांडीवर ठेवला. तिनं पुन्हा धरलं. मी पुन्हा सोडवला. नंतर तिनं धरलं नाही. मला बरं वाटलं. वाटलं, झाली रिती."

मी आईच्या आसनाकडे पाहिलं.

"आपल्या वाडीतले डॉक्टर संचारबंदीमुळे दवाखान्यात न जाता घरीच होते," ते म्हणाले. "बसायच्या आधी मी पाहिलं होतं, समोरच्या गॅलरीत सुपारी कातरत उभे होते. वाडीतल्या वाडीत यायला कुठली आलीय संचारबंदी? नुसती हाक मारायची होती."

त्यांनी दोन्ही हात जोडून ओंजळ माझ्यापुढे धरली. गॅलरीतून तात्या हलकेच म्हणाले, "नलू, म्हण."

शब्द दोनच होते. ते म्हटले की अण्णा उठले असते, जेवले असते, सोमवारी कचेरीत गेले असते. पण मग आईचं ते धरणं कुणाचंच राहणार नव्हतं. ते मला सोडवेना, आणि ते सगळं त्यांनी पुन्हा एकट्यानं गिळावं असंही वाटेना.

"कुठला हात होता, अण्णा?"

त्यांची ओंजळ हळूहळू खाली आली. असा प्रश्न पंथात नव्हता.

"उजवा," ते म्हणाले. "बांगडी टोचत होती मला."

गॅलरीत तात्यांनी चपला पायात सरकवल्या आणि ते जिना उतरून गेले. मी अण्णांच्या जवळ सरकले, आणि ते पुढे सांगू लागले.