फुंकरीचं दूध

मूल गावच्या आठवडी बाजारात त्या दिवशी भाजीच्या पाट्या ओस पडल्या होत्या आणि सगळं गाव एका काचेच्या पेल्याभोवती लोटलं होतं. पेल्यात नितळ पाणी. धाप लागलेल्या माणसानं बांबूच्या नळीतून त्यात फुंकायचं, की पाणी दुधासारखं पांढरं. "देखो, छाती का रोग निकल गया!" असं गरजून, बाजारात धुनी पेटवून बसलेला धुनीबाबा पेला मिरवायचा आणि लोक हात जोडायचे.

वच्छलाचा नवरा लटारू भातगिरणीच्या धुळीत छाती घालवून बसला होता. डॉक्टरांनी बजावलं होतं, "फुप्फुसं बिघडली, त्यांचा ताण हृदयावर पडतो आणि अंगात पाणी साठतं. मीठ अगदी कमी. लोणचं, पापड, सुकट बंद. थोडं थोडंच खा." वच्छला लसूण-लिंबावर भाजी करायची. लटारू ती स्वतःच्याच तेरवीला बसल्यासारखा खायचा, पण पायांची सूज उतरली होती.

बाबानं त्यालाही फुंकायला लावून पाणी पांढरं केलं आणि वर सांगितलं, "अब सब खाओ, बेटा. ये मंत्र का नमक भी." लटारूनं लोणच्याची बरणीच जवळ घेतली. पुढच्या बाजारापर्यंत पाय भोपळ्यासारखे फुगले. आडवं झालं की जीव घुसमटायचा. हा माणूस हातचा जातो की काय, या धास्तीनं वच्छलाचं काळीज फाटलं. त्याला बैलबंडीत घालून ती बाबाकडं आली.

"रोग लौट आया," बाबानं पेला पुढं केला. थोडं पाणी तिच्या हातावर सांडलं. तिनं बोट चाटलं. पोट दुखणाऱ्या आपल्या प्रत्येक लेकराला तिनं हेच चमच्यानं पाजलं होतं.

"बाबा, हे तं चुन्याची निवळी हाये."

"पगली, गंगाजल है."

"मंग तुमीच फुंका. तुमाले तं रोग नाई."

"साधू साँस नहीं छोड़ते."

"मंग जिते कसे राह्यले?"

बाजार खदखदला. पैलवान गुणवंतरावांनी नळी हिसकावून फुंकली. दूध. जमादारानं ताज्या पाण्यात फुंकली. दूध. बांगडीवाल्या आशाबाईंनी फुंकली, तरी दूधच. गोंधळ ऐकून आलेल्या डॉक्टरांनीही हसत हसत फुंकून दाखवलं. "प्रत्येकाच्या श्वासातून कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो," ते म्हणाले. "तो निवळीत मिसळला की खडूसारखी पांढरी पूड होते. रोगाचा काही संबंध नाही." तोवर बाबा धुनी टाकून पसार झाला होता.

दवाखान्यात सूज ओसरल्यावर लटारू वच्छलाला हळूच म्हणाला, "मले दुधावर भरोसा नोता वं. मले लोणच्यावर होता."

खरी मेख इथंच आहे. जो आपल्या जिभेला हवं तेच सांगतो, त्याला आपण देव मानतो. यापुढं कोणी रोग काढून दाखवला, तर आधी धडधाकट माणसाला फुंकायला लावा. आणि डॉक्टरांनी अळणी खा म्हटलं, तर लिंबू पिळून खा.

लटारू आता तेच करतो. तोंड वाकडं करतो, पण रात्री आडवा होऊन झोपतो.