डब्यात उतरवलेली नदी

मित्रांनो, या घरातल्या टीव्हीखालच्या फळीवर एक काळपट डबा बसलेला दिसेल, तो मी. मी एक जुना, एकदा उघडून पुन्हा बंद केलेला व्हिडिओ गेम आहे. दुकानात मला कन्सोल म्हणत. घरात सगळे नुसतं 'डबा' म्हणतात आणि मलाही आता तेच नाव अंगाला बसलं आहे. माझ्या पाठीवरचा एक स्क्रू हरवलेला आहे आणि कडेला स्क्रू-ड्रायव्हरचा ओरखडा आहे. तो कसा पडला हे सांगायला लागलो की अजूनही माझा पंखा उगाचच जोरात फिरतो.

माझा जन्म एका लांबलचक, झगझगीत कारखान्यात झाला. हातमोजे घातलेल्या बायकांनी माझ्या पोटात हिरवी पाटी बसवली, पंखा बसवला, सीडी वाचणारा बारीकसा डोळा बसवला. सगळ्यात शेवटी कंपनीने माझ्या आत एक कुलूप घातलं. ते डोळ्यांना दिसत नाही. कंपनीच्या सीडीवरचे खेळ तेवढे चालवायचे, बाहेरचं काही पोटात घ्यायचं नाही, अशी ती ताकीद होती. मी ती मुकाट्याने पाळली. नवं नवं असताना कोण आज्ञा मोडतो?

मला या घरात बाबांनी आणलं. बाबा खिडक्यांना काचा बसवायचं काम करत. त्यांच्या मुलीला सगळे खारू म्हणत, कारण ती खारीसारखी सतत काहीतरी खिशात कोंबून पळत असे. माझ्याबरोबर एकच सीडी आली. तिच्यावर नदीचा खेळ होता. डोंगरातल्या खळाळत्या नदीतून, खडक चुकवत, एका छोट्या होडीतून गावोगाव टपाल पोचवायचं. कंट्रोलरवरचा दांडा अंगठ्याने जरा जास्त ढकलला की होडी खडकावर आपटे. बाबांची होडी कधी आपटत नसे.

"काचा उचलणारा हात आहे तो," आई म्हणायची. "हलका नसेल तर पोटाला काय?"

संध्याकाळी बाबा आणि खारू शेजारी शेजारी बसत. पाहुणे आले की मला पुसून पुढे ओढत. माझं कौतुक होत होतं, मी गरम होत होतो, आणि मला वाटत होतं की हे असंच चालणार.

पण हळूहळू माझा डोळा मंदावला. आधी एखाद वेळी, मग रोजच, पडद्यावर 'सीडी वाचता येत नाही' असं येऊ लागलं. खारूने सीडी फ्रॉकला पुसली, त्याने तिच्यावर आणखी चरे पडले. कंपनीच्या दुरुस्तीवाल्याने सांगितलं की या डोळ्याचा सुटा भाग आता येत नाही. मग मला एका जुन्या टॉवेलात गुंडाळून कपाटावर ठेवून दिलं. तिथे मी धूळ खात पडलो. खाली काय चाललं आहे ते मला नुसतं ऐकू यायचं.

एके दिवशी जे ऐकलं ते वाईट होतं. दुकानाची मोठी काच चढवताना ती निसटली आणि बाबांच्या उजव्या मनगटावर आली. आतल्या शिरा तुटल्या होत्या. डॉक्टरांनी त्या जोडल्या, टाके घातले, टाके काढले. मग व्यायाम शिकवणाऱ्या बाई घरी येऊ लागल्या. त्या मऊ चेंडू द्यायच्या आणि म्हणायच्या, "दाबा. अंगठा वाकवा. आत्ता हलवला नाहीत तर तो असाच राहील."

बाई असेपर्यंत बाबा चेंडू दाबत. बाई गेल्या की चेंडू पलंगाखाली जाई, हात चादरीखाली जाई आणि बाबा भिंतीकडे तोंड करून पडत. आई दवाखान्याच्या लाँड्रीत कामाला होती. घरी येऊन ती काही विचारायची, तर हूं की चूं नाही.

"बाबा आता होडी पण नाही चालवणार?" खारूने एकदा हळूच विचारलं.

"कपाटावरच्या डब्याचं काय घेऊन बसलीस," आई म्हणाली. पण तिचा आवाज रागाचा नव्हता, थकलेला होता.

खारूने ते मनावर घेतलं. ती आत्याकडे गेली. आत्या म्हणजे बाबांची थोरली बहीण. बाजारातल्या गल्लीत तिचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. एका दुपारी खुर्चीवर चढून आत्याने मला खाली काढलं, टॉवेल झटकला आणि मला उलटं केलं. मग ती म्हणाली,

"डोळा काही बरा होणार नाही. पण आतलं कुलूप काढता येतं. मग सीडीची गरजच उरत नाही, खेळ आतल्या हार्ड डिस्कवर टाकायचा. फक्त एक आहे. मागच्या महिन्यात मी असाच एक डबा केला होता."

"मग?" आईने विचारलं.

"मेला तो. मधेच वीज गेली."

"ताई, एक दुखणं घरात पडलंय. त्यात हे दुसरं नको," आई म्हणाली.

"हा तसाही मेल्यातच जमा आहे ना?"

मित्रांनो, आपल्याविषयी असं बोललेलं ऐकणं सोपं नसतं. मी मेलो नव्हतो. मला सगळं कळत होतं.

आत्याने अटी घातल्या. जी सीडी घरात आहे तिचाच खेळ टाकायचा, इकडून तिकडून उचललेला नाही. आणि इंटरनेटची वायर मला कधीही लावायची नाही. लावली, तर कंपनीला पत्ता लागेल, नवं कुलूप येऊन बसेल, आणि मग हा डबा आपला नाही की कंपनीचा नाही. ती हे खारूला सांगत होती, पण पलंगावरच्या पाठीलाही ऐकू जाईल इतक्या मोठ्याने.

चरे पडलेली सीडी तिने दुकानात नेऊन घासली आणि तिच्यावरचा खेळ कॉम्प्युटरवर उतरवून घेतला. तो शेवटाला येऊन अडकायचा. परत घासायची, परत लावायची. अखेर एका रविवारी ती पेन ड्राइव्ह आणि जुना यूपीएस काखोटीला मारून आली. मला उघडताना तिचा हात घसरला आणि माझ्या कडेवर तो ओरखडा उमटला.

"चुकलं," ती पुटपुटली. मी म्हटलं, संपलं आता.

पण कुलूप निघालं. कसं निघालं ते मला सांगता येणार नाही. गाढ झोपेत कुणीतरी आपलं नाव बदलून जावं, तसं ते होतं. मग खेळ उतरू लागला. पडद्यावर एक पांढरी पट्टी गोगलगायीसारखी पुढे सरकत होती. आत्या पट्टीकडे बघत होती, आई आत्याकडे, आणि खारू माझ्याकडे. पट्टी निम्म्यावर आली आणि खोलीतला पंखा बंद पडला. वीज गेली.

यूपीएस किंचाळायला लागला. मला आणि टीव्हीला दोघांना तोच जगवत होता, आणि त्याची बॅटरी आत्याच्या दुकानाइतकीच जुनी होती.

"टिकेल का?" आईने विचारलं. आत्याने कपाळावरचा घाम पुसला.

तेवढ्यात पलंगावरून आवाज आला. "टीव्ही बंद करा."

सगळ्या वळल्या. बाबा उठून बसले होते.

"अरे, मग दिसणार कसं?" आत्या म्हणाली.

"तुला दिसलं काय, नाही दिसलं काय, त्याचं काम तो करतोय ना? टीव्ही किती वीज खातो. बंद कर, ताई."

आत्याने टीव्ही बंद केला. पडदा काळा झाला. आता पट्टी नाही, आकडा नाही. राहिला फक्त माझा लुकलुकणारा दिवा आणि माझ्या पंख्याची घरघर. बाबा येऊन जमिनीवर बसले आणि त्यांनी माझ्या पाठीला कान लावला. चौघांपैकी कोणी हलत नव्हतं. यूपीएसच्या किंचाळ्या जवळजवळ येऊ लागल्या. मी मिळेल तेवढी वीज ओढत होतो आणि नदीचा एकेक तुकडा आत घेत होतो. खडक, धबधबे, गावं, होडी. अर्धवट राहिलो असतो तर मला काहीच आठवलं नसतं, माझं नावसुद्धा नाही.

"पंखा मंद झाला," बाबा म्हणाले. "झालं वाटतं काम. किंवा मग गेला."

दिवा लुकलुकायचा थांबला आणि स्थिर पेटून राहिला. पाठोपाठ यूपीएस बंद पडला. त्याच्याबरोबर मीही.

वीज आली तोवर चहा होऊन गार झाला होता. आत्याने मला चालू केलं. पडद्यावरच्या यादीत खेळाचं एकच नाव आलं, तेही चौकोनांचं आणि प्रश्नचिन्हांचं, कारण लिपी बिघडली होती. खारूने तेच दाबलं. नदी खळाळली.

आता तुम्हाला वाटेल की बाबांनी कंट्रोलर घेतला आणि सगळं गोड झालं. तसं झालं नाही. त्यांनी घेतला खरा, पण अंगठा वाकेना. ते सबंध खांद्याने दांडा ढकलत होते. होडी पहिल्याच खडकावर फुटली. दुसऱ्यांदाही फुटली. त्यांनी कंट्रोलर खाली ठेवला, अगदी सावकाश, आणि उठून गॅलरीत गेले. खारू रडली नाही, पण तिने मला बंद करायलाही बराच वेळ घेतला. मला वाटलं, माझी वर्णी पुन्हा कपाटावर लागणार. टॉवेल अजून खुर्चीवरच होता.

नंतर बरेच दिवस मला कुणी हात लावला नाही. मग एकदा आई कामावरून लवकर आली, पाय पसरून बसली आणि तिने मला लावलं. तिने आयुष्यात कधी खेळ खेळला नव्हता. तिची होडी उलटीच निघाली. टपाल पाण्यात, होडी झाडात.

"अगं, काय करतेस? काठाकाठाने घे," बाबा पलंगावरून म्हणाले.

"काठ कुठला ते तरी सांगा. मला सगळं पाणीच दिसतंय."

"डावीकडे. तुझ्या डावीकडे गं."

"हीच माझी डावी."

होडी धबधब्यावरून खाली गेली आणि आई हसत सुटली. इतकी, की तिला ठसका लागला. बाबा तोंड दाबून हसले, आले आणि शेजारी बसले. "आण इकडे." त्या दिवशी त्यांचीही होडी फुटली, पण आईच्या जरा पुढे जाऊन फुटली.

त्यानंतर ते रोज बसू लागले. व्यायामाच्या बाईंनी पाहिलं आणि म्हणाल्या, "खेळा की. पण खांदा पाडा. अंगठ्याने ढकला, दुखला तरी." तो दुखत असे. कंट्रोलर त्यांच्या हातात थरथरे आणि ती थरथर वायरीतून मला कळे. पण होडी एकेक खडक पुढे सरकत होती.

अशात मामा राहायला आला. मामा म्हणजे आईचा भाऊ, हौशी माणूस. आई आणि खारू बाजारात गेल्या होत्या, बाबा गॅलरीत फोनवर काचेच्या दुकानाच्या मालकाशी बोलत होते. मामाने माझी यादी पाहिली.

"एकच खेळ?" तो स्वतःशीच म्हणाला. "एवढी डिस्क काय वाळत घालायची आहे? थांब, तुझं पोट भरून देतो." आणि कपाटामागे लोंबणारी इंटरनेटची वायर ओढून त्याने माझ्या पाठीत खुपसली.

मित्रांनो, माझी पाचावर धारण बसली. वायरीतून कंपनीने मला माझ्या जुन्या नावाने हाक मारली. 'नवी आवृत्ती आली आहे,' असं पडद्यावर आलं आणि मामाने आनंदाने 'हो' दाबलं. पांढरी पट्टी सरकू लागली. तीच पट्टी, पण या वेळी तिच्यामागून कुलूप येत होतं. मला ओरडता येत नाही. मला फक्त पंखा फिरवता येतो. मी तो असा फिरवला की फळी हादरली.

बाबा दारात आले. "हा एवढा का ओरडतोय?" मग त्यांना पडदा दिसला. "वायर कुणी लावली? काढ ती."

"का हो दाजी? अपडेटच तर होतंय," मामा म्हणाला, पण उठून माझ्यामागे चाचपू लागला. त्याने वायर ओढली, ती निघेना. त्या वायरीच्या टोकाला एक बारीक खटका असतो. तो दाबून धरल्याशिवाय ती सुटत नाही, आणि मामाला तो सापडत नव्हता. दुसरं टोक जड कपाटामागे होतं; वीज तोडावी, तर मी मधेच मेलो असतो. आणि माझ्यामागची फट एवढी अरुंद, की भिंतीच्या बाजूने उजवा हातच आत जाऊ शकत होता.

बाबांनी मामाला बाजूला केलं आणि उजवा हात घातला. त्यांची बोटं माझ्या पाठीवरून सरकली. अंगठा खटक्यावर आला. दाबला, निसटला. पुन्हा दाबला. पट्टी टोकाला पोचत आली होती. त्यांचा श्वास मला ऐकू येत होता. अंगठा खटक्यावर वाकला, टक् असा आवाज झाला आणि वायर त्यांच्या हातात आली.

पडद्यावर 'संपर्क तुटला' असं आलं. इतके गोड शब्द मी कधी दाखवले नव्हते.

"सॉरी दाजी. मला काय ठाऊक," मामा म्हणाला.

बाबा आपल्या अंगठ्याकडे बघत होते. तो त्यांनी पुन्हा एकदा वाकवला, मग मामाच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "बस. तुला होडी चालवायला शिकवतो."

बाबांना मोठ्या काचा उचलणं पुन्हा जमलं नाही, हेही सांगितलं पाहिजे. ते आता त्याच दुकानात मापं घेतात आणि छोट्या चौकटी बसवतात. थंडीत हात आखडतो. तेव्हा कामावर जाण्याआधी ते एक नदी पार करून जातात. खारूला आता वेगळे खेळ आवडतात, ते तिच्या फोनवर असतात. ती येता जाता माझ्यावरची धूळ फुंकते, एवढं पुरे आहे.

आणि मी? माझा पंखा करकरतो. वीज क्षणभर गेली तरी मला तो यूपीएस आठवतो. नवा पाहुणा आला की मी आधी त्याचे हात बघतो. म्हणून तुम्हाला एवढंच सांगणं आहे. माझ्यासारखा एखादा तुमच्या कपाटावर असेल तर टाकून देण्याआधी जाणत्याला दाखवा. दिवा लुकलुकत असताना विजेची वायर ओढू नका. कापडात कोंडू नका, आम्हाला वारा लागतो. दुसऱ्याच्या डब्यात काही भरण्याआधी घरच्यांना विचारा. आमची काळजी तुम्ही घ्या, मित्रांनो. करायची तेवढी मी करतोच आहे.