स्वतंत्र माठ

मित्रांनो, माझ्या पोटात तीन वर्षं एक पत्र पडून होतं. सातवीतल्या एका मुलीनं ते लिहिलं होतं आणि त्यात एकच प्रश्न होता. उत्तर माझ्याच पानावर होतं. तरी ते दिलं गेलं नाही.

मी एक जुना मराठी शब्दकोश आहे. स्वतःबद्दल बोलायची मला सवय नाही. आयुष्यभर दुसऱ्यांना शब्द पुरवले, स्वतःचं वाक्य कधी केलं नाही. चुकलं तर सांभाळून घ्या. पुण्याच्या एका छापखान्यात माझी पानं जुळवली, कापडी पाठ चढवली. पुढे चिमूरच्या एका वाचनालयात आलो. ते बंद पडलं तेव्हा लटारूभाऊंनी मला रद्दीच्या पोत्यातून उचललं आणि गडचिरोलीला नेलं. तिथल्या एका साप्ताहिकात ते मुद्रितं तपासत, म्हणजे छापण्याआधी बातम्यांतल्या चुका काढत.

ते माझे चांगले दिवस होते. ऱ्हस्व-दीर्घावरून वाद झाला की कुणीतरी म्हणायचं, "कोशात पाहा," आणि सगळे गप्प व्हायचे. लटारूभाऊ माणूस भिडस्त. संपादकांसमोर त्यांचा आवाज फुटत नसे. पण माझ्यावर बोट ठेवून चूक दाखवताना ते घाबरत नसत. मला त्याचा गर्व झाला होता. शब्द बरोबर असला म्हणजे बातमीही बरोबर असते, असं मला वाटे.

एका दुपारी बातमीदार निकेश धानोऱ्याकडून धुळीनं माखून आला.

"लटारूभाऊ, डोळ्यानं पाहून आलो. गावाबाहेरच्या टोल्यावरच्या माडिया आदिवासी पोराइले शाळेमागं सरपणापाशी जेवाले बसवते. त्याइच्या ताटाइले लाल रंग मारला हाये, दुसऱ्याइच्या ताटात मिसळू नये म्हणून. 'हे पोरं कायबी खाते,' म्हणते गावातले."

शीर्षक त्यानंच लिहून आणलं होतं : 'माडिया मुलांना वेगळं बसवतात'. लटारूभाऊंना त्यात एकही चूक सापडली नाही.

तासाभरानं संपादक प्रफुलभाऊ आतून आले. ती शाळा ज्या संस्थेची, तिचे अध्यक्ष मोठे पुढारी. त्यांच्या वाढदिवसाच्या जाहिरातींवर आमचा अंक निघे.

"साहेबाचा फोन होता. बातमी थांबवा नाई म्हणत ते," प्रफुलभाऊ म्हणाले. "भला मानूस हाये. फक्त थोडी बरी करा म्हणते. तो 'वेगळं' शब्द टोचते त्याइले."

"पण वेगळंच बसवते ना जी," निकेश म्हणाला.

"तुले बातम्या लिहाच्या हाये का साहेबासंग कुस्ती खेळाची हाये? अन् लटारू मास्तर, एवढं जाडं पुस्तक कवटाळून बसता, त्याच्यात एक बरा शब्द नाई?"

लटारूभाऊंचं बोट माझ्या पानांवरून सरकत गेलं आणि एका ठिकाणी थांबलं. मित्रांनो, ते पान मी चिकटवून धरायला हवं होतं. मी उघडलो. 'स्वतंत्र : स्वाधीन, मोकळा, वेगळा, निराळा.'

"वा!" प्रफुलभाऊ म्हणाले. "म्हणूनच तर तुमाले ठेवलं हाये."

अंक निघाला. 'माडिया विद्यार्थ्यांसाठी स्वतंत्र भोजनव्यवस्था'. खाली अध्यक्षांचा हसरा फोटो. सरपणाचा उल्लेख नव्हता; 'शाळेमागील मोकळ्या हवेत' असं होतं. ऱ्हस्व-दीर्घाची एकही चूक नव्हती.

महिन्याभरानं वहीच्या पानावर लिहिलेलं ते पत्र आलं.

'पेपरवाल्या काकांना नमस्कार. मी दीपिका. तुमची बातमी आमच्या शाळेत काच लावून टांगली आहे. ती आल्यापासून पाण्याचा माठही स्वतंत्र झाला. माझी लहान बहीण सोमारी हिनं चुकून दुसऱ्या माठातलं पाणी घेतलं. सरांनी सगळ्यांसमोर तो माठ फोडला आणि खापऱ्या तिला वेचायला लावल्या. आई भांडायला आली, तर सरांनी तिला तुमची बातमी वाचून दाखवली. म्हणाले, पेपरात छापून आलं आहे. पंधरा ऑगस्टला सर सांगतात, आपण स्वतंत्र झालो. मग आमचा माठ स्वतंत्र झाला म्हणजे काय झालं?'

लटारूभाऊंनी ते दोनदा वाचलं, घडी केली आणि 'स्वतंत्र'च्या पानात ठेवलं. उद्या लिहू, असं ते पुटपुटले. पुढच्याच आठवड्यात कचेरीत नवा संगणक आला. त्याचा पडदा उंचीला कमी पडत होता, म्हणून मला त्याखाली घातलं. लटारूभाऊंना ते बरंच वाटलं असावं, कारण मलाही वाटलं होतं. दाबून ठेवलेल्या पुस्तकाला कुणी काही विचारत नाही.

तीन वर्षं तो शब्द माझ्या डोक्यावर टाइप होत राहिला. स्वतंत्र रांग. स्वतंत्र हातपंप. स्वतंत्र स्मशान. आता त्यासाठी मला उघडायची गरज नव्हती.

या मार्चमध्ये त्याच शाळेची बातमी आली : वर्गात 'स्वतंत्र बाक'. अध्यक्षांच्या माणसानं ती मोबाइलवर तयारच पाठवली होती. निकेश हल्ली फक्त जाहिराती गोळा करी. तो लटारूभाऊंच्या टेबलापाशी थांबून म्हणाला, "ते पत्रवाली पोरगी आठवते का भाऊ? शाळा सोडली तिनं. लहानीनंबी. दोघी मोहफुलं वेचून राह्यल्या."

लटारूभाऊ उठले आणि दोन्ही हातांनी पडदा उचलला.

"काऊन उचलला?" प्रफुलभाऊ ओरडले.

"शब्द पाहाचा हाये."

"कोनता? मागच्या वेळचाच टाका ना."

"तोच पाहाचा हाये. तो चुकला होता."

"मास्तर, साठी झाली तुमची. घरी जा, आराम करा."

प्रफुलभाऊंनी तो शब्द स्वतःच टाइप केला. त्याला अर्धं मिनिटही लागलं नाही. अंक वेळेवर गेला.

लटारूभाऊ मला काखेत घेऊन पोस्टात गेले आणि तिथल्या डिंक सांडलेल्या टेबलावर उभ्यानंच लिहू लागले.

'दीपिका, तुझं पत्र मला तेव्हाच मिळालं होतं. स्वतंत्र या शब्दाचे दोन अर्थ आहेत. पहिला तुझे सर पंधरा ऑगस्टला सांगतात. दुसरा त्यांनी तुमच्या माठाला लावला. तुम्हाला वेगळं बसवतात हे आम्हाला माहीत होतं. ते दिसू नये म्हणून तो शब्द शोधला. शोधणारा मी. तुझ्या आईनं हे पत्र शाळेत दाखवावं, लागलं तर पोलीस ठाण्यातही. खाली माझं पूर्ण नाव आणि सही आहे.'

मित्रांनो, माझी पानं दुमडू नका, मला वाळवीपासून जपा, असं मी सांगायला हवं. पण मला जपलं नाही तरी चालेल. बरा शब्द शोधायला कधी माझ्याकडे आलात, तर आधी एवढं विचारा : बरा कुणासाठी?

लटारूभाऊंनी आयुष्यात पुस्तकाच्या पानावर पेन्सिलची रेघही ओढली नव्हती. त्यांनी 'स्वतंत्र'चं ते पान शिवणीपासून फाडलं आणि पत्रासोबत पाकिटात घातलं. मला दुखलं. पेटीच्या तोंडाशी त्यांचा हात बराच वेळ थांबला. मग माझं ते पान आत, खाली पडलं.