तळहाताची ऊब

अंगठ्याच्या नखाखाली निळा रंग अजून होताच – बारीक, कोरीएवढा, साबणाला दाद न देणारा – आणि चहाचा कप उचलला की नेमका समोर येत होता. एरवी त्याला तो दिसतही नसे. एकतीस वर्षं मशीनचे बेड खरवडणाऱ्या माणसाच्या नखात निळं नसेल तर काय असेल... पण आज त्याने कप डाव्या हातात घेतला.

समोर मुलगी बसली होती. पाच दिवसांपूर्वी तिचा फोन आला तेव्हा तो असाच एका बेडवर वाकला होता. ग्राइंडिंग मशीनचा बेड – त्याच्यावरच टेबल मागेपुढे सरकणार, तो सपाट तर पुढचं सगळं सपाट. लोखंडी सरळपट्टीला निळा रंग लावायचा, ती बेडवर हलकेच फिरवायची, जिथे निळं उमटेल तेवढाच उंचवटा हाताने खरवडायचा, पुन्हा फिरवायची... शेवटचा हात चालला होता. "बाबा, मी त्या घरी परत जाणार नाही," मुलगी म्हणाली आणि रडतच राहिली, आणि तो ऐकत उभा राहिला – दहा मिनिटं? पंधरा? – उजवा तळहात पट्टीच्या पाठीवर टेकवून, तिच्या पाठीवर ठेवला असता तसा. शेवटी "बरं, ये" एवढंच म्हणाला.

पट्टीला हात लावायचा नाही. धरायची तर लाकडी मुठींनी. हे तो प्रत्येक नव्या माणसाला पहिल्याच दिवशी सांगे, इतक्यांदा की लोक त्याच्या मागे त्याची नक्कल करत – हाताला ऊब असते बाबांनो, लोखंड ऊब धरतं, आणि ऊब धरलेलं लोखंड डोळ्याला न कळता वाकतं. वाकलं तर तासन्‌तास निवू द्यायचं. आणि मी काय केलं? डोक्यात जावई होता, त्याची गचांडी धरली होती मनातल्या मनात, आणि पट्टी निवायची वाट न बघता हात आपले कामाला लागले... वाकलेल्या पट्टीच्या दोन्ही टोकांशीच निळं उमटत होतं, बेडची तीच टोकं तो खरवडत गेला. नको तेवढी.

काल जेवणाच्या सुट्टीत, आसपास कुणी नसताना, त्याने लेव्हल, सपाटी मोजायचं ते नाजूक यंत्र, बेडवर फिरवून पाहिली. बेड मधोमध चार मायक्रॉन उंच. दोन चालतात. केसाचे पंधरा-वीस पापुद्रे काढले तर त्यातल्या एकाएवढं, म्हटलं तर काहीच नाही – पण त्याच्या बेडला आजवर एकसुद्धा मायक्रॉन निघाला नव्हता, म्हणून तर सगळे त्याला शून्यकाका म्हणत.

"बाबा, तुम्ही माझ्यावर रागावलात का? आल्यापासून बोलत नाही," मुलगी म्हणाली.

"नाही गं," तो म्हणाला. खरंच रागावला नव्हता. पण तिच्याकडे पाहिलं की तो तळहात आठवायचा, आणि मग क्षणभर वाटून जायचं की हिने तो फोन तेव्हाच का केला... आणि असं वाटल्याची त्याला शरम वाटली. कप तसाच ठेवून तो उठला.

कारखान्यात मशीन पुसून, तेल लावून उभं होतं. चारला गाडी निघणार होती. साहेब सकाळीच म्हणून गेले होते, मशीन एकदा गाडीत चढलं की तुमच्या नोकरीच्या मुदतवाढीच्या कागदावर सही करतो, आणखी एक वर्ष पक्कं. हे वर्ष त्याला हवं होतं, आता तर फारच. घरात माणूस वाढलं होतं. बोललो तर? मशीन उघडणार, बेड बाहेर निघणार, बारा दिवस जाणार, आणि काकांचा हात गेला हे जेवणाच्या टेबलावर कुणीतरी हळू आवाजात म्हणणार. हात गेलेल्या माणसाला कोण ठेवून घेतं...

आणि नाही बोललो तर – जिथे हे मशीन चाललं होतं तिथेही मशीनंच बनत होती. याच्यावर घासलेल्या प्रत्येक बेडला हा फुगवटा लागणार, त्या बेडांवर उभी राहिलेली मशीनं कुठे पंप घडवणार, कुठे गिअर, कुठे आणखी मशीनं. कुणाचा तरी पंप गळेल, कुणीतरी कामगाराला निष्काळजी म्हणून झापेल, आणि त्या बिचाऱ्याला कळणारही नाही की दूरवरच्या एका कारखान्यात एका बापाने फोनवर...

साडेतीनला तपासनीस आली. आठ वर्षांपूर्वी त्याच्याच हाताखाली शिकलेली, आता कागदावरची शेवटची सही तिची. तिने टेबल फिरवून पाहिलं, आवाज ऐकला, तेल पाहिलं. बेडच्या रकान्यापाशी आली आणि न थांबता शून्य लिहिलं.

"लेव्हल फिरव ना एकदा," तो म्हणाला. आवाज अगदी रोजचा निघाला.

"तुमच्या बेडवर?" ती हसली. "लोक हसतील मला, काका."

"मी तुला काय शिकवलंय? माझ्यावरसुद्धा विश्वास ठेवायचा नाही."

"हो, आणि पट्टीला हात लावायचा नाही," ती त्याच्याच आवाजात म्हणाली, आणि कागद त्याच्यापुढे धरला. "करा तुमची कारागिराची सही, मग मी करते. गाडीवाला कधीचा ताटकळलाय."

तोही हसला. हसू आपोआप आलं आणि त्याला स्वतःचीच किळस आली. कालपासून तो पकडला जाण्याला घाबरत होता – जेवताना, झोपताना, साहेबांशी बोलताना. ती भीती आता शोधूनही सापडेना. समोर त्याची ही शिष्या होती, हुशार, काटेकोर, त्याने घडवलेली, आणि ती बघत नव्हती; हिने नाही बघितलं तर कोण बघणार, तो तर जवळजवळ हात जोडून सांगत होता, बघ गं, एकदा बघ. कुणीच पकडणार नाही मला. आज नाही, वर्षभर नाही, कधीच नाही... आता भीती याचीच होती. पेन त्याच्या हातात होतं, गाडीवाला हॉर्न वाजवत होता, आणि ती कागद धरून, त्याला चष्मा सापडत नसेल असं समजून, शांतपणे थांबली होती.